कॅरियर दाबलेले मामेसासरे

मामेसासऱ्यांची एरियल मी कपडे वाळत घालायची तार समजलो आणि तिच्यावर रजईची ओली खोळ टाकली.

सरकारी क्वार्टर मिळेपर्यंत आम्हा नवराबायकोला हिच्या मामांनी दिल्लीच्या मलकागंजातल्या त्यांच्या घराची बरसाती, म्हणजे गच्चीवरची खोली, दिली होती. नवा जावई कामाचा आहे हे सिद्ध करायची मला खुमखुमी. मामींच्या हातातली बादली मी जवळजवळ हिसकावूनच गच्चीवर नेली. दोन बांबूंच्या मधे तांब्याची लखलखीत, ताणून बांधलेली तार दिसली. काय हौशी माणसं, म्हटलं, धुणं वाळत घालायलासुद्धा तांबं! खोळ टाकली, वर चिमटे लावले आणि लांब उभा राहून स्वतःच्या कामाकडे कौतुकानं बघत राहिलो. खालच्या खोलीत त्याच क्षणी मामा ताश्कंदच्या कुणाशी तरी बिनतारी गप्पा मारत होते, आणि ताश्कंद एकाएकी अंतर्धान पावलं होतं. मामा जिना चढून वर आले. त्यांनी खोळीकडे पाहिलं, चिमट्यांकडे पाहिलं, माझ्याकडे पाहिलं. दुसरा कुणी असता तर माझ्या खानदानापर्यंत पोचला असता. मामा म्हणाले, "उतरवा." आणि खाली गेले.

बोलण्याची इतकी यंत्रं घरात बाळगून इतकं कमी बोलणारा माणूस उभ्या दिल्लीत दुसरा झाला नसेल. त्या काळी टेलिफोनसाठी अर्ज केलेल्या माणसाच्या नातवाचं बारसं व्हायचं तरी नंबर लागत नसे, आणि मामा मात्र हौशी रेडिओवाल्यांचं रीतसर लायसन्स काढून, परीक्षा देऊन, स्वतः डाग देऊन बनवलेल्या ट्रान्समीटरवर जगभर बोलू शकत होते. पण बोलायचे काय? आपला कॉलसाइन, म्हणजे लायसन्सवरचं हवेतलं नाव, समोरच्याचा आवाज कितपत येतो, आणि हवा कशी आहे. बस. ताश्कंदच्या माणसाला बायको किती, मुलं किती, हे मामांना ठाऊक नव्हतं. "त्याचा सिग्नल चांगला आहे," एवढं म्हणायचे, आणि ते अशा स्वरात की आपण एखाद्याला 'सज्जन माणूस' म्हणतो.

पूर्वी मामा असे नव्हते म्हणे. मामींचं म्हणणं असं की लग्न झालं तेव्हा हा माणूस चारचौघांसारखा बोलायचा. मग कधीतरी जुन्या पद्धतीचा रेडिओ टाकून त्यांनी सिंगल साइडबँड नावाचा पंथ स्वीकारला, आणि तेव्हापासून घरातला संवाद आटला. हा पंथ काय आहे ते मामांनी मला एकदा समजावून सांगितलं. मी मंत्रालयात फायलींवर 'चर्चा करावी' असं लिहिणारा माणूस. विषय कळला नाही तरी मान हलवायची मला सवय आहे. पण मामांनी मान हलवू दिली नाही.

"बस," ते म्हणाले. "रिकामी बस. तो कॅरियर. डाव्या खिडकीत एक माणूस. उजव्या खिडकीत त्याचाच आरशातला भाऊ. ते दोन साइडबँड. पेट्रोल कोण खातं?"

"बस."

"निरोप कोण सांगतं?"

"माणूस."

"दोन्ही माणसं काय सांगतात?"

"आरशातला भाऊ म्हणजे... तेच सांगत असणार."

"मग बस काढा. एक भाऊ काढा. एका खिडकीतून सगळं जातं. सगळं पेट्रोल त्या एकाला."

मी बराच विचार केला. "पण मामा, बस काढली तर खिडकी कशाला लावायची?"

"ज्याला ऐकायचंय त्यानं आपली बस आणायची."

"म्हणजे स्टॉपवर उभं राहायचं बसवाल्यानं, आणि बस घेऊन यायची प्रवाशानं?"

"बिल्कुल," मामा म्हणाले, आणि पहिल्यांदाच माझ्याकडे जरा आशेनं पाहिलं. मला काही म्हणजे काही कळलेलं नव्हतं. आजही डोळे मिटले की मला रिंग रोडवरून एक सुटी खिडकी धावताना दिसते आणि तिच्यामागे बस घेऊन पळणारा मी.

पण रेडिओ कळला नाही तरी मामा कळायला त्या बसचा फार उपयोग झाला. माणसामाणसांतलं निम्म्याहून जास्त बोलणं म्हणजे रिकामी बस, असं त्यांचं पक्कं मत होतं. पत्रातलं 'सप्रेम नमस्कार विनंती विशेष' म्हणजे कॅरियर, 'कळावे, लोभ असावा' म्हणजे दुसरा साइडबँड. दोन्ही दाबून टाकल्यावर जे उरतं ते मामा पोस्टकार्डावर लिहीत. माझ्या सासऱ्यांना पुण्याला आलेलं त्यांचं एक कार्ड मी पाहिलंय. त्यावर "पोचलो" एवढंच होतं, आणि कुठं पोचले हे पोस्टाच्या शिक्क्यावरून ओळखावं लागलं. संक्रांतीला हातावर तिळगूळ ठेवून ते नुसतं "घ्या" म्हणत. "'गोड बोला' राहिलं की!" असं मी एकदा म्हणालो, तर म्हणाले, "घेतलेला माणूस बोलतोच." आपल्याकडे पाहुणा उठल्यापासून जिन्यापर्यंत पोचायला अर्धा तास जातो. 'येतो', 'या', 'आता तुम्ही यायचं', असं करत चपला दोनदा घालून दोनदा काढल्या जातात. मामा मधेच उठून चालू लागत. एकदा मी महागाईवर चांगला रंगात येऊन बोलत होतो आणि समोरची खुर्ची रिकामी आहे हे मला शेजाऱ्यांच्या मांजरानं तिच्यावर उडी मारली तेव्हा कळलं.

दिल्लीकर मराठी माणसाच्या नशिबी पानिपत दाखवायला नेणं असतंच. पुण्याहून हिचे एक लांबचे काका आले. इतिहासाचे भारी वेडे, गाडीत बसल्यापासून अंगावर शहारे आणून तयार. मामा त्यांना रणभूमीवर घेऊन गेले. काका टोपी काढून, हात जोडून उभे राहिले, आता मामा कसं सांगतात म्हणून कान टवकारले. मामांनी मैदानावरून एकवार नजर फिरवली. म्हणाले, "हरलो. चला." परतीच्या वाटेवर काकांनी दोन सतरंज्या घेतल्या, पण ते शेवटपर्यंत घुश्शात होते.

आणि मामी? मामी म्हणजे भरपूर कॅरियर आणि दोन्ही साइडबँड. डावीकडच्या पंजाबी शेजारणीला सांगितलेली गोष्ट उजवीकडच्या बंगाली शेजारणीला जशीच्या तशी सांगायच्या, आणि दोन्हीच्या आधी 'अच्छा सुनो' पासून प्रस्तावना असायची. दिवसभर बोलून दमल्या की ओट्यावरचा ट्रान्झिस्टर लावायच्या, म्हणजे घरात कुणीतरी बोलत राहील. मामांचा आवाज मात्र त्या ट्रान्झिस्टरवर येत नसे. साइडबँडवरचं बोलणं साध्या रेडिओवर लावलं तर बदकांच्या थव्यात भांडण लागल्यासारखं येतं. ट्रान्झिस्टरकडे स्वतःची बस नसते, असं त्याचं कारण मला मामांनी दिलं होतं, आणि मी मान हलवली होती.

तर त्या मामींच्या पित्ताशयात खडे निघाले.

हिंदूरावचं इस्पितळ आमच्या घरापासून चढावर, रिजच्या टेकडीवर. मामींना तिथं दाखल केलं. मामी घाबरल्या होत्या. बोलणारी माणसं घाबरली की जास्त बोलतात असा माझा समज होता; मामी एकदम कमी बोलायला लागल्या आणि मलाच घाम फुटला. मामा रोज भेटायच्या वेळी यायचे, स्टुलावर बसायचे, आणि वेळ संपली की उठून जायचे. एक दिवस बराच वेळ खिडकीबाहेर बघून म्हणाले, "इथून एरियल फार छान लागेल." आठवड्यातलं त्यांचं सगळ्यात लांब वाक्य.

ते गेल्यावर मामींनी मला जवळ बोलावलं. "जावईबापू, परवा मला आत नेणार. भूल देणार. परत शुद्धीवर येतं का हो माणूस?"

"येतं की! न यायला काय झालं? आमच्या ऑफिसात एक—"

"तुमच्या ऑफिसातलं राहू द्या. ह्यांच्या तोंडून एक शब्द ऐकला असता तर बरं वाटलं असतं. काय म्हणायचं ते म्हणा म्हणावं. पण आत जायच्या आधी."

घरी आलो तर मामा स्वयंपाकघराच्या मध्यभागी उभे. माझ्याकडे बघून म्हणाले, "मीठ?"

"पिठाच्या डब्यामागे असेल, मामी तिथंच ठेवतात," ही आतून म्हणाली.

मी म्हटलं, "मामा, मिठाचं राहू द्या. मामी घाबरल्यात. तुमचा एक शब्द हवाय त्यांना. ऑपरेशनच्या आधी."

मामा मिठाचा डबा हातात घेऊन उभे राहिले. त्यांचा चेहरा असा झाला की वाटलं, या माणसाला बोलायचंय खूप, पण कुठल्या यंत्रातून ते सापडत नाहीये. मग म्हणाले, "समोर बसून नाही जमत." तीन-चार शब्द, पण त्यांच्या हिशेबानं ते भाषणच होतं.

दुसऱ्या दिवशी दुपारी ऑफिसातून लवकर आले. ट्रान्समीटरचं झाकण उघडलं आणि एका बारक्या स्क्रूकडे बघत राहिले. बोलणं जाऊ द्यायचं आणि कॅरियर मात्र दाबून टाकायचा, हे काम तो स्क्रू करतो. वर्षानुवर्षं कान लावून, केसभर इकडे, केसभर तिकडे करत त्यांनी तो अशा जागी आणून ठेवला होता की त्यांचा सिग्नल म्हणजे स्वच्छतेचा आदर्श म्हणून लोक नावाजत. मामींनी पुसताना धक्का लावू नये म्हणून त्या कोपऱ्यात फडकं नेण्यालासुद्धा बंदी होती. मामांनी पेचकस लावला आणि स्क्रू सरळ फिरवून टाकला.

"अहो!" मी ओरडलो. मला काय बिघडलं ते कळलं नव्हतं, पण काहीतरी बिघडलं एवढं नक्की दिसत होतं.

"तिचा ट्रान्झिस्टर," मामा म्हणाले. "बस लागेल."

कायद्याचा प्रश्न होताच. हौशी रेडिओवाल्यानं दुसऱ्या लायसन्सवाल्याशीच बोलायचं असतं, बायकोशी नाही. मामांनी तोही सोडवला होता. गाझियाबादला त्यांचे एक सरदारजी मित्र होते. हवेतली दोस्ती जुनी, प्रत्यक्षात भेट वर्षाकाठी. "मी गाझियाबादशी बोलणार. ती ऐकेल. ऐकायचं लायसन्स ट्रान्झिस्टरचं आहे." त्या काळी घरातल्या साध्या रेडिओलाही लायसन्स लागे.

मग ओट्यावरचा ट्रान्झिस्टर आणला, शॉर्टवेव्हवर काटा लावला, काट्याच्या जागी चिकटपट्टीचा तुकडा डकवला आणि माझ्या हातात दिला. "साडेपाच. काटा इथं." आणि पुन्हा स्क्रूकडे बघत बसले. काटा हलवू नका, काहीही झालं तरी हलवू नका, ही सूचना त्यांनी अर्थातच दुसरा साइडबँड म्हणून दाबली.

साडेपाचला मी मामींच्या उशाशी. सिस्टरबाईंची परवानगी काढली होती, आवाज हळू ठेवायच्या अटीवर. मामींना सांगितलं, "मामा बोलणारेत. ह्यातून." मामी उठून बसल्या, केस नीट केले, पदर सारखा केला. मी बटण फिरवलं. खरखर. मग एकदम क्वॅक-क्वॅक-क्वॅक! गाझियाबादचे सरदारजी साइडबँडवरून हाका मारत होते.

शेजारच्या खाटेवरच्या मांजी कोपरावर उठल्या. "पुत्तर, अंदर बत्तख है?"

"नहीं मांजी, मित्र आहेत. म्हणजे, दोस्त हैं. मामाजी के."

"कौन से मामाजी? बत्तखवाले?"

"नहीं, मामाजी तो अभी आएँगे."

"इसी डब्बे में?" मांजींनी ओढणी डोक्यावर घेतली आणि भक्तिभावानं डब्याकडे बघू लागल्या. पलीकडच्या दोन खाटाही वळल्या. एवढ्यात बदक थांबलं. आणि त्याबरोबर खरखरही थांबली. एकदम शांत. कान लावला तरी काही नाही.

"सेल गेले," मी म्हणालो.

"थांबा जरा," मामी म्हणाल्या.

"मामी, तुम्ही बिल्कुल काळजी करू नका. असं ऐन वेळेलाच जायचं असतं ह्या सेलना. आमच्याकडे एकदा क्रिकेटच्या वेळी..." बोलता बोलता मी डब्यावर टिचक्या मारल्या, हलवला, उलटा केला, सेल काढून मनगटावर घासून परत घातले. शांतच. मामींनी हात पुढे केला, "इकडे द्या," म्हणाल्या. पण नवा जावई यंत्राला हार जाईल काय? मी चिकटपट्टी नखानं उचलली आणि काटा फिरवला. आणि काय सांगू, आवाज आला! खणखणीत! "लागलं, लागलं!" मी ओरडलो. कुणीतरी फुलकोबीवरच्या किडीविषयी शेतकरी बांधवांना माहिती देत होतं.

"येही हैं मामाजी?" मांजींनी विचारलं.

मी काटा इकडे आणला, तिकडे नेला. चिकटपट्टीची जागा गेली ती गेलीच. कोबी, चिनी भाषा, शहनाई, पुन्हा कोबी. शेवटी जिथं असावा असं वाटलं तिथं आणला तर नुसती खरखर. भेटायची वेळ संपल्याची घंटा झाली. मामी भिंतीकडे तोंड करून आडव्या झाल्या होत्या. मी ट्रान्झिस्टर काखेत मारून उतारावरून घरी चाललो तेव्हा माझ्यापेक्षा फुलकोबीवरची कीड बरी असं मला वाटत होतं. आयुष्यात एकदा त्या माणसानं स्क्रू फिरवला, आयुष्यात एकदा बोलला, आणि ते मी कोबीत घालवलं.

मामा दारातच उभे होते. "पोचलं?"

काय सांगणार? मी म्हणालो, "पोचलं."

त्यांनी मान हलवली. काय बोललात, असं विचारायचा मला धीर झाला नाही.

दुसऱ्या दिवशी ऑपरेशन नीट झालं. मामी शुद्धीवर आल्या आणि पहिलंच वाक्य बोलल्या ते शेजारच्या मांजींच्या सुनेच्या स्वेटरबद्दल. मामा स्टुलावर बसून होते. मामींनी त्यांना काही विचारलं नाही, आणि हेच मला कळेना. शब्द पोचला नाही म्हणून ह्या रुसायला हव्या होत्या. ह्या तर मजेत.

मामी घरी आल्यावर एका रविवारी गाझियाबादहून सरदारजी स्कूटरवरून आले. बरोबर भाभीजींसाठी डिंकाचे लाडू, आणि आल्या आल्या तक्रार. "ओ भाईसाब, तुसी अपना पेच ठीक करो यार! कैरियर अब भी लीक है. अंबालेवाला पूछ रहा था, मामाजी को क्या हो गया?" भाच्यांच्या तोंडून ऐकून ऐकून आमचे मामा अंबाल्यापर्यंत सगळ्या रेडिओवाल्यांचे मामाजी झाले होते.

मामांनी खोलीच्या कोपऱ्यातल्या यंत्राकडे पाहिलं. "असू दे," म्हणाले आणि चहासाठी आधण ठेवायला आत गेले. सिग्नलमधला एवढासा डाग ज्यांना जेवू देत नसे, त्यांनी तो स्क्रू पुन्हा कधीच मूळ जागी नेला नाही.

मी संधी साधली. "सरदारजी, उस दिन मामाजी ने मामी के लिए क्या बोला था?"

"बोला?" सरदारजींनी लाडवाचा हात हवेत थांबवला. "कुछ नहीं बोला जी! मैं चिल्ला रहा हूँ, ओए कुछ तो बोल, भाभीजी सुन रही होंगी. उधर से फुल कैरियर, पंखे की आवाज, साँस की आवाज, और चुप. बैठे हैं माइक के सामने. फिर बंद कर दिया. मैंने सोचा, गया काम से."

मी थक्क. इतके दिवस मी ज्या शब्दासाठी झुरत होतो तो नव्हताच. मी मामींकडे वळलो. "मामी, ऐकलंत? मामा काही बोललेच नाहीत!"

"ठाऊक आहे मला," मामी लाडू फोडत म्हणाल्या. "पूर्वी हे जुन्या यंत्रावर बोलायचे तेव्हा ओट्यावरच्या ट्रान्झिस्टरची खरखर आधी थांबायची. हे बोलायला तोंड उघडायच्या आधी. मी पोळ्या लाटता लाटता समजायचे, आले, बसले. मग ते बदक सुरू झालं आणि तेही गेलं. किती वर्षांनी त्या दिवशी पुन्हा ऐकलं."

"काय ऐकलं? काहीच ऐकू येत नव्हतं!"

आतून कपबशीचा आवाज आला. मामी क्षणभर तिकडे बघत राहिल्या, आणि मग माझ्याकडे वळल्या.

"खरखर थांबली होती, जावईबापू. मग तुम्ही सुरू झालात."